नाचोचा सवाल

तो मेक्सिकोचा पाहुणा ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर गुडघे टेकून माझ्या पायांचं शूटिंग करत होता. चेहऱ्याचं नाही, हातांचं नाही, ज्या बेंजोसाठी तो एवढे समुद्र ओलांडून आला होता त्या बेंजोचंही नाही. पायांचं! माझे पाय काही बघण्यासारखे नाहीत. टाचांना भेगा, एका अंगठ्याचं नख काळं पडलेलं. मला अवघडल्यासारखं झालं आणि मी एक पाय दुसऱ्यामागे लपवायला गेलो, तर त्यानं हात वर करून 'तसाच राहा' अशी खूण केली.

त्याच्यासोबत पुण्याहून आलेली दुभाषी, शाल्मली बोडस, खाली उभी होती. तिनं मान वर करून काहीतरी विचारलं. माझा मेव्हणा बापूसो माझ्या शेजारीच पॅड वाजवायला उभा असायचा. त्यानं परस्पर उत्तर देऊन टाकलं.

"श्रद्धा हाय दाजींची. वाद्य म्हंजे देव. देवाच्या म्होरं कोन पायताण घालंल का, ताई?"

बोलताना त्यानं तोंड माझ्याकडे ठेवलं होतं, म्हणून मला कळलं. मी मान हलवली. शाल्मलीबाईंनी ते त्याच्या भाषेत सांगितलं आणि त्या गृहस्थानं माझ्या पायांकडे असं पाहिलं, की मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

खरी गोष्ट अशी होती की माझे कान गेले होते. अर्धी जिंदगी कर्ण्यांच्या आणि भोंग्यांच्या पुढ्यात काढली, त्याचा हिशेब कानांनी चुकता केला. आधी चिमण्या गेल्या, मग बायकांचे आवाज गेले, मग माझा स्वतःचा बेंजो गेला. ढोल आणि पॅडचे ठोके मात्र ट्रॉलीच्या फळ्यांतून तळपायात यायचे, आणि त्या ठोक्यांवर मी बोटं टाकायचो. चपला घातल्या की मी संपलो. गाणी सगळी हाडात मुरलेली. गाणं बदलायचं असलं की बापूसो माझ्याकडे वळून तोंडानं नाव सांगायचा, कडवं आलं की माझ्या पायावर पाय दाबायचा. हे आम्हा तिघांनाच ठाऊक होतं. मी, बापूसो आणि माझी बायको हौसा. बाहेर फुटलं असतं तर भैरोबा बेंजो पार्टीला कुणी दारात उभं केलं नसतं. पार्टीत सहा माणसं, म्हणजे सहा घरांच्या चुली. आणि सर्जेराव वायदंडे बेंजो मास्तर म्हणून माझं जे नाव वारणेच्या दोन्ही काठांना होतं, तेही गेलं असतं.

पाहुण्याचं नाव इग्नासिओ, पण त्याला सगळे नाचो म्हणायचे. ते कळल्यावर आमची अख्खी पार्टी पोट धरून हसली. ज्याच्या नावातच हुकूम आहे तो बेंजोवाल्यांच्या दारात येणार नाही तर कुठं जाईल, असं बापूसोचं म्हणणं. साठीचा गडी, ताडासारखा उंच, पांढरे केस बायकांसारखे खांद्यापर्यंत सोडलेले. एक सवय होती त्याची. शाल्मलीबाई उजव्या बाजूला येऊन उभ्या राहिल्या की तो त्यांना कोपरानं ढकलून डाव्या बाजूला घ्यायचा. मोठ्या माणसांच्या तऱ्हा असतात, म्हणून कुणी लक्ष दिलं नाही.

त्या दुपारी तो आमच्या घरी चहाला आला. हौसानं पोहे केले होते. शाल्मलीबाई उत्साहानं त्याचा मोठेपणा सांगत होत्या, आणि हौसा मला दिसेल अशा बेतानं ओठ हलवत ते पुन्हा माझ्यासाठी बोलत होती. परदेशी माणूस घरात असला की हे खपून जातं. एक बोलतो, दुसरा उलगडून सांगतो, तिसरा परत विचारतो. सगळेच थोडे बहिरे होतात. त्या दोन दिवसांत मी जितका निर्धास्त होतो तितका मागच्या दोन वर्षांत नव्हतो.

"हा तिकडचा फार मोठा रॉक गिटारवादक होता," शाल्मलीबाई म्हणाल्या. "स्टेडियम भरायची. मग एकदम स्टेज सोडलं. सिनेमात छोटी छोटी कामं केली, दारूच्या गुत्त्यात कोपऱ्यात बसून गिटार वाजवणारा, असली. मग सिनेमांना संगीत दिलं. आणि आता जगभर फिरून रस्त्यावर वाजवणाऱ्यांच्या फिल्म करतो."

"मग येवढं नाव हुतं तर स्टेज सोडलं कशापायी?" हौसानं विचारलं. तिला अशा गोष्टींत फार रस.

शाल्मलीबाईंनी विचारलं. नाचोनं चहाच्या कपात बघत एका शब्दात उत्तर दिलं.

"कंटाळा आला म्हणतो."

"कंटाळा यायला काय पोती उचलत हुता व्हय?" हौसा म्हणाली, आणि ते सांगायची वेळ येऊ नये म्हणून शाल्मलीबाईंनी पोह्यांची तारीफ सुरू केली.

तेवढ्यात हिंदुराव आबा दारात आले. गावातलं बडं प्रस्थ. दुसऱ्या दिवशी त्यांच्या थोरल्या मुलाची वरात होती आणि नाचो तीच वरात फिल्ममध्ये घेणार होता. आबा खाटेवर बसले न बसले तोच नाचोनं हातवारे करत काहीतरी मांडलं. शाल्मलीबाईंनी सांगितलं आणि आबांनी मांडीवर थाप मारली. हौसाचा चेहरा उतरला, म्हणून मी बापूसोकडे पाहिलं. बापूसोचा घास हातातच राहिला होता.

"सवाल-जवाब," तो माझ्याकडे वळून हळू म्हणाला. "पावणा गिटारीवर सवाल टाकनार. तुमी बेंजोवर जवाब द्यायचा."

ओळखीची गाणी मी वाजवू शकत होतो. पण कुण्या परक्या माणसानं तिथल्या तिथं काढलेला तुकडा मी कुठून ऐकणार होतो?

"आबा, गानी ठरल्याली हायत वरातीची," मी म्हणालो. "ऐनवेळी घोळ कशाला?"

"मास्तर, आमच्या वरातीत परदेशी पावणा वाजवनार आनि तुमी न्हाई म्हंता? आख्ख्या तालुक्यात कुनाच्या वरातीत झालंया का असं?" आबा एवढ्या जोरात बोलत होते की त्यांच्या मानेच्या शिरांवरूनही कळलं असतं. "ठरलं. माज्या दारात, अंधार पडायच्या आत. लायटिंग बी नको त्यांच्या क्यामेऱ्याला."

सगळे गेल्यावर बापूसो म्हणाला, "बघू दाजी. काढू काय तरी वाट." हौसानं पाहुण्यांच्या बशा उचलल्या आणि आत गेली.

दुसऱ्या दिवशी वरात निघाली तेव्हा उन्हं कलली होती. पुढं घोड्यावर नवरा, मागं नाचणारी पोरं, मग ट्रॅक्टर आणि ट्रॉलीवर आम्ही. नाचो गिटार गळ्यात अडकवून माझ्या समोर उभा, त्याचा कॅमेरावाला टपावर. ओळखीची गाणी होती तोवर सगळं बेस चाललं. नाचोही मध्ये मध्ये गिटार घुसवत होता आणि पोरं त्याच्या नावानं बोंबलत होती. मी त्याच्याकडे पाहून हसतसुद्धा होतो.

आबांच्या दारात ट्रॅक्टर थांबला. समोरच्या ओट्यावर बायकांची दाटी, त्यात हौसा. आबांनी हात वर केला. ढोलानं बारीक ठेका धरला, तो माझ्या तळपायात आला. नाचोनं डोळे मिटले आणि तुकडा वाजवला. मी त्याची बोटं बघत होतो. पण गिटारच्या पट्टीवरची बोटं आणि बेंजोची बटणं यांचा काय संबंध? मी आपला एका लोकप्रिय गाण्याचा मुखडा ठोकून दिला. पोरांनी टोप्या उडवल्या. मास्तरनं गंमत केली असं त्यांना वाटलं.

नाचो हसला आणि त्यानं तुकडा पुन्हा वाजवला, बहुतेक सोपा करून, कारण बोटं कमी हलली. या वेळी मी अंदाजानं काहीतरी केलं. टोप्या उडाल्या नाहीत. पोरं एकमेकांकडे बघायला लागली. बापूसोचा पाय माझ्या पायावर होता, पण पायानं सूर कसा सांगणार?

तिसऱ्यांदा नाचो माझ्या जवळ आला आणि अगदी चार-पाच सूर वाजवले, लहान मुलाला समजावल्यासारखे. मला घाम फुटला. मी मान खाली घातली आणि जे येईल ते वाजवत सुटलो. सुसाट! फळ्यांमधला ठेका कधी थांबला हे मला कळलं नाही, कारण माझेच पाय थरथरत होते. सगळी वाद्यं थांबली होती, नाचो थांबला होता, घोडासुद्धा थांबला होता, आणि मी एकटा वाजवत होतो. बापूसोनं माझं मनगट धरलं तेव्हा मी वर पाहिलं.

सगळी आळी हसत होती. तोंडं उघडी, खांदे हलतायत, आणि आवाज नाही. तसलं हसणं देवानं वैऱ्यालाही दाखवू नये.

हिंदुराव आबांनी मूठ वळून अंगठा तोंडाकडे नेला आणि भुवया उडवल्या. ही खूण कळायला कान लागत नाहीत. मी 'नाही' म्हणून हात जोडणार, तोच बापूसोनं आबांकडे पाहून तीच खूण केली, वर कपाळाला हात लावला. मग माझ्याकडे वळला. त्याचे ओठ मी आजही वाचू शकतो.

"डुला, दाजी. डुला जरा. मी सांगतोय न्हवं."

मी दारूचा थेंब कधी घेतला नव्हता. हौसाचा बाप दारूनं गेला होता, गटारीत पडलेला सापडला होता. आमच्या हळदीच्या दिवशी तिनं माझ्याकडून भैरोबाच्या भंडाऱ्यावर शब्द घेतला होता की वाजंत्र्याच्या घरात येतेय, पण दारुड्याच्या नाही. तो शब्द मी पाळला. वरातीत वाजवणाऱ्याला तो पाळणं किती अवघड असतं, हे ज्यानं वाजवलंय त्यालाच ठाऊक.

आणि मी डुललो. एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे, मग बेंजोवर हात टेकून उगाच हसलो. पोरांनी एकच जल्लोष केला. कॅमेरा चालू होता. ओट्यावर हौसानं पदर तोंडाला लावला आणि पाठ फिरवली.

घरी आलो तेव्हा ती चुलीपुढं बसली होती. बापूसो उंबऱ्यातच थांबला.

"दारुडा केलास त्यांना?" ती भावाला म्हणाली. "गावाम्होरं? त्या क्यामेऱ्याम्होरं?"

"आक्का, ऐक. पेल्याला लोक शिव्या घालत्यात, आनि फुडल्या लग्नाला परत बोलावत्यात. भैऱ्याला कोन बोलवंल?"

बापूसोचं म्हणणं सोळा आणे खरं होतं, म्हणून तर जास्त लाज वाटत होती. त्या रात्री हौसानं मला वाढलं, पण समोर बसली नाही. मला तिच्या ओठांखेरीज दुसरे कान नव्हते, हे तिला माहीत होतं.

सकाळी नाचो आला. एकटाच. शाल्मलीबाईंना आणलं नव्हतं, कॅमेराही नव्हता, फक्त गिटार होती, वायर नसलेली, लाकडाची. मी त्याच्याकडे बघायचं टाळत होतो. हा माणूस माझ्या पायांना देवत्व देऊन गेला होता, आणि आता दारुड्याचे पाय म्हणून जगाला दाखवणार होता.

त्यानं दारात बूट काढले, मोजेही काढले. मग माझ्या समोर जमिनीवर बसला आणि स्वतःच्या तळपायावर बोटानं ठेका धरला. माझ्याकडे बोट केलं. मग माझ्या कानाकडे.

मी उठायला लागलो. त्यानं माझा हात धरून बसवलं. गिटार आडवी धरून तिचं लाकूड माझ्या तोंडापुढं आणलं आणि स्वतःचे दात दाखवून ते चावायची खूण केली. हौसा दारात येऊन बघत होती. मला वाटलं, एवढी शोभा झाली, आता आणखी काय राहिलंय? मी गिटारच्या कडेवर दात रोवले.

त्यानं तार छेडली.

ते ऐकणं नव्हतं. ते दातांतून कवटीत आलं आणि तिथं घुमलं. पुन्हा छेडली. सूर. दोन वर्षांनी सूर! मग त्यानं कालचा तो चार-पाच सुरांचा सवाल वाजवला, हळूहळू, एकेक सूर वेगळा करून. इतका साधा होता तो. कुठल्याही पोराला जमला असता. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि गिटार तोंडात असल्यामुळे मला ते पुसताही येईना.

मी बेंजो ओढून घेतला आणि जवाब दिला. बरोबर दिला असणार, कारण नाचो उताणा पडून हसला. आम्ही दोघं म्हातारे बराच वेळ ते करत बसलो. त्याच्याकडे हे कुठून आलं, त्याला कसं कळलं, हे विचारायला भाषा नव्हती. जाताना त्यानं हौसाला हात जोडले आणि माझ्या पाठीवर थाप मारली. फिल्मचं काय करणार, हे मी खुणेनं विचारलं. त्यानं ओठांवर बोट ठेवलं. गप्प बसायला सांगतोय की धीर देतोय, ते कळलं नाही.

पुढचं दीड वर्ष मी त्या बोटाचा विचार करत काढलं. बापूसोचा अंदाज खरा ठरला, लग्नं येत राहिली. फक्त यजमान आधी बापूसोला बाजूला घेऊन सांगायचे, "मास्तरला जरा आवरा हं." हौसा ते ऐकायची आणि मला सांगायची नाही. मी तिच्या चेहऱ्यावरून ओळखायचो.

मग शाल्मलीबाईंचा निरोप आला. फिल्म तयार आहे, तालुक्याच्या सभागृहात दाखवायची आहे, नाचोला प्रवास झेपणार नाही पण त्यानं मुद्दाम मराठी ओळी खाली टाकायला लावल्यात. दुपारच्या वेळी अख्खा गाव जीप भरभरून गेला. आम्हाला पहिल्या रांगेत बसवलं. शेजारी हिंदुराव आबा.

खाली मराठी ओळी असलेला तो मी पाहिलेला एकमेव सिनेमा. त्यात मला इतरांइतकंच ऐकू येत होतं. माझे पाय आले, लोकांनी टाळ्या वाजवल्या. वरात आली. नाचोचा सवाल आला. मी हौसाचा हात धरला. माझा पहिला जवाब, दुसरा जवाब. आता हसणारी आळी येणार, आता मी डुलणार.

मी डुललो नाही. वरात तिथंच तुटली आणि पडद्यावर नाचो एकटा बसलेला दिसला. त्यानं केस मागं सारले, उजव्या कानातून एक छोटं यंत्र काढलं आणि तळहातावर धरलं. खाली ओळी आल्या: 'मला ऐकू येत नाही. मी स्टेज सोडलं ते यामुळे. कंटाळा आला, असं मी सगळीकडे सांगत आलो. त्या दिवशी वरातीत मास्तर बरोबर जवाब देत होते. मला ऐकू आलं नाही. चूक माझी होती.'

मी ते दोनदा वाचलं असतं, पण ओळी गेल्या.

इतकी वर्षं त्यानं केसांखाली लपवलेलं जगापुढं काढलं होतं, आणि तेही खोटं बोलण्यासाठी. माझ्यासाठी. मी लाजेनं खुर्चीत चेपलो. डुललो होतो तेव्हा एवढी लाज वाटली नव्हती. मग शेजारी पाहिलं तर आबांचे खांदे हलत होते. मागं वळलो, तर सगळे खांदे हलत होते. तीच आळी, तेच हसणं. कुणीतरी कानावर हात ठेवून बहिऱ्याची नक्कल करत होतं.

"काय म्हंत्यात?" मी हौसाला विचारलं.

तिनं सांगायला नको होतं, पण सांगितलं. "भैरा गोरा म्हंत्यात. आपल्या मास्तराची खोड काढाय आला हुता, म्हंत्यात. आनि आबा म्हंत्यात, बगा, आमचा मास्तर पेल्याला असून बी बरोबर वाजवत हुता."

मी उठलो. बापूसोनं सदरा धरला, मी तो सोडवून घेतला. पडद्यापुढं जाऊन उभा राहिलो. माझा आवाज किती मोठा निघाला मला कळलं नाही; नंतर हौसा म्हणाली, बाहेरच्या चहावाल्यापर्यंत गेला.

"हसू नगासा त्याला! भैरा मी हाय. त्यो खोटं बोलतोय, मला झाकाय. मला साडेतीन वर्सं झाली काय सुदीक ऐकू येत न्हाई. अनवानी वाजवतो ते श्रद्धेनं न्हवं, पायानं ऐकतो म्हनून. आनि मी त्या दिवशी पेलो नव्हतो. माज्या बायकूची आन घिऊन सांगतो, कदी पेलो न्हाई."

खांदे थांबले. बापूसो दोन्ही हातांत डोकं धरून बसला होता. हौसा मात्र ताठ बसली होती, पदर नीट डोक्यावर, आणि थेट माझ्याकडे बघत होती. त्या वरातीनंतर ती पहिल्यांदाच माझ्याकडे तशी बघत होती.

मग आबा उठले. त्यांनी माझा हात हातात घेतला, डोळ्यांत पाणी आणून काहीतरी बोलले, आणि सभागृहाकडे वळून आणखी थोडं बोलले. लोकांनी माना हलवल्या. काही बायकांनी डोळे पुसले. मला वाटलं, सुटलो.

परत येताना जीपमध्ये मी हौसाला विचारलं, आबा काय म्हणाले ते सांग. ती खिडकीबाहेर बघत राहिली. दुसऱ्यांदा विचारलं तेव्हा वळली.

"म्हनले, मास्तर दिलदार मानूस, परदेशी पावन्याची बाजू घ्याय खोटं बोलतोय. आनि मागं वळून म्हनले, आसतील बी कान गेल्यालं. दारूनं काय काय जातं."

ही झाली चौदा वर्षांपूर्वीची गोष्ट. नाचो गेला, शाल्मलीबाईंनी पत्रानं कळवलं. गावोगावी मोठे डीजे आले आणि भैरोबा बेंजो पार्टी आपोआप मिटली, त्यात माझ्या कानांचा काही हात नव्हता. माझं बहिरेपण आता कुणाच्या ध्यानातही नाही, म्हाताऱ्याला ऐकू कमी येणारच. दुसरी गोष्ट मात्र राहिली. अजूनही कुठल्या लग्नाला गेलो की मांडवामागून कुणीतरी प्रेमानं येतं, हिंदुराव आबांचा धाकटा मुलगासुद्धा येतो, आणि विचारतं. काय विचारतात ते हौसाला सांगावं लागत नाही. मूठ वळून अंगठा तोंडाकडे नेतात. मी हात जोडून नको म्हणतो, आणि ते हसून माझ्या पाठीवर थोपटतात, म्हणजे दारू सुटली म्हणायची एकदाची.